टीव्हीतलं ठेवायचं की हातातलं

"ही गाडी माझी नाही, पप्पा," दिशा म्हणाली, आणि कपात साखर ढवळणारा दीपक साखर विरघळून गेली तरी ढवळतच राहिला. पोर नुकतीच न्हाऊन आली होती. ओले केस टॉवेलात गुंडाळून टीव्हीसमोर मांडी घालून बसली होती, आणि पडद्यावर सोनेरी रंगाची एक लांबलचक मोटार स्वतःभोवती संथ गिरकी घेत होती. मोटारीखाली इंग्रजी अक्षरांत दिशाचंच नाव होतं. नावाशेजारी चषकांची ओळ होती आणि त्या ओळीत एकही जागा रिकामी नव्हती. हा क्षण दीपकनं गेले कित्येक दिवस मनात घोळवला होता. पोरगी किंचाळेल, गळ्यात पडेल, "पप्पा, ह्ये कसं झालं?" म्हणेल, आणि आपण काहीच ठाऊक नसल्यासारखा चहाचा घोट घ्यायचा, इथपर्यंत त्याची तयारी झालेली होती. चहा त्यासाठीच टाकला होता. आता चहा हातात होता आणि किंचाळणं झालंच नव्हतं. शिवाय ती 'न्हाय' म्हणाली नव्हती, 'नाही' म्हणाली होती. कळंबला आजीच्या ओट्यावर आणि इथं बापाजवळ ती हाय-न्हाय बोलायची; 'आहे' आणि 'नाही' हे आईच्या वर्गातले, पाहुण्यांपुढे काढायचे शब्द. आपण पाहुणे कधीपासून झालो, असं दीपकच्या मनात आलं आणि त्यानं चहाचा घोट घेतला. चहा गोड मिट्ट झाला होता.

दीपक बारामतीच्या एमआयडीसीतल्या एका कारखान्यात पिस्टनच्या कड्या तपासायच्या कामाला होता. पाळी कायमची रात्रीची, शनिवारची रात्र तेवढी सुट्टीची. बायको यशोधरा कळंबजवळच्या एका वस्तीवर झेडपीच्या शाळेत शिक्षिका. शाळेपासून तिचं माहेर जवळ, म्हणून ती आणि दिशा माहेरीच राहायच्या. बदलीसाठी यशोधरा दरवर्षी अर्ज करायची आणि अर्ज दरवर्षी कुठल्यातरी कपाटात निवांत झोपायचा. भांडण नव्हतं. भांडायलासुद्धा माणसं एका ठिकाणी लागतात. एकमेकांची ख्यालीखुशाली शेजाऱ्यांच्या फोनवर कळायची, आणि दर शनिवारी दिशाची आजी, पुतळाबाई, नातीला एसटीत बसवून कंडक्टरला दम भरायची, "पोरीला बारामतीच्या स्टँडवर बापाच्या हातात द्या. हात बगून द्या. त्यो येस्तवर सोडू नगा." आणि दीपक, रात्रपाळी करून आलेला, डोळे चोळत, फलाटावर आपले दोन्ही हात पुढं करून उभा असायचा. आठवड्यातली तेवढीच काय ती वेळ, की आपण कुणाचेतरी कुणीतरी आहोत हे त्याला चारचौघांत सिद्ध करावं लागे, आणि ते त्याला मनापासून आवडे.

गेमचं प्रकरण यशोधराच्या भावानं लावून दिलं होतं. हा भाऊ, समाधान, जहाजावर फिटर होता. सुट्टीवर आला तेव्हा सिंगापूरहून भाचीसाठी दोन गेम घेऊन आला, एक हातात धरून खेळायचा आणि एक टीव्हीला जोडायचा. कळंबला दिवसा लाइटीचा भरवसा नव्हता आणि टीव्ही आजोबांच्या बातम्यांसाठी राखीव, म्हणून टीव्हीचा गेम बारामतीला आला आणि हातातला कळंबला राहिला. दोन्हींत मोटारींच्या एकाच शर्यतीची कॅसेट होती. खरी गंमत पुढं होती. टीव्हीच्या गेमच्या रिमोटला मागून एक डबी बसायची. त्या डबीत हातातल्या गेमची चिमुकली कॅसेट खोचली, की कळंबला जिंकलेलं सगळं बारामतीच्या टीव्हीत उतरायचं. आणि रविवारी टीव्हीवर जे जिंकलं असेल ते परत चिमुकल्या कॅसेटीत भरून कळंबला जायचं. फक्त एक होतं. दोन्हीकडचा हिशेब जुळला नाही तर गेम विचारायचा, टीव्हीतलं ठेवायचं की हातातलं? दोन्ही ठेवायची सोय नव्हती. एक ठेवलं की दुसरं पुसलं जायचं. पण त्याची चिंता कधी पडली नव्हती. आठवडाभर टीव्हीचा गेम फडक्याखाली झाकलेला असे, पुढं गेलेली असे ती दिशा, म्हणून शनिवारचं उत्तर ठरलेलं होतं, हातातलं. दिशा बटण दाबायची, एक निळी पट्टी हळूहळू भरत जायची आणि दोघं बापलेक ती पट्टी भरेपर्यंत श्वास रोखून बसायचे. दीपकला वाटे, आपलं घर दोन ठिकाणी पडलंय ते या पट्टीएवढ्या वेळापुरतं एका जागी येतं. असलं काही तो कुणाला बोलून दाखवणारा नव्हता. कारखान्यात बोलला असता तर लोकांनी महिनाभर पुरवून पुरवून त्याला छळलं असतं.

आज बटण त्यानं दाबलं होतं. दिशा न्हाणीत होती, बादलीत तांब्या आपटल्याचा आवाज येत होता, आणि त्यानं तिच्या पिशवीतून हातातला गेम काढला, कॅसेट डबीत खोचली, पडद्यावर प्रश्न आला आणि त्यानं निवडलं, टीव्हीतलं. कारण टीव्हीत आता खूप होतं. सगळ्या शर्यती, सगळे चषक, सगळ्यांत शेवटी मिळणारी सोनेरी मोटार, सगळं दिशाच्या नावावर जिंकून ठेवलेलं. आणि हातातल्यात होतं ते थोडंसंच. थोडं टाकायचं आणि भरपूर ठेवायचं, यात विचार करण्यासारखं काय आहे? जन्मभर कड्या तपासणाऱ्या माणसाला ठेवायचं कुठलं आणि टाकायचं कुठलं हे बोटांनाच कळतं. पट्टी भरली. त्यानं कॅसेट परत होती तशी गेममध्ये घातली, गेम पिशवीत ठेवला आणि चहाचं आधण टाकलं.

त्या थोड्याशात काय होतं हे त्याला माहीत नव्हतं असं म्हणता येणार नाही, आणि आता गोड चहा घशाखाली उतरवताना तेच त्याला सोसत नव्हतं. त्यात डबडं होतं. गेम सुरू करताना सगळ्यांना फुकट मिळते ती सगळ्यांत लहान, सगळ्यांत संथ, हिरव्या रंगाची बसकी मोटार. एखाददुसरी शर्यत जिंकली की माणूस ती टाकतो आणि पुढची घेतो. दिशानं टाकली नव्हती. तिनं तिचं नाव डबडं ठेवलं होतं आणि मोठमोठ्या मोटारींच्या मधून ती डबडंच पळवत होती. आधी शेवटून पहिली यायची, मग मधे कुठंतरी, मग तिसरी. डोंगरातल्या रस्त्यावर एक वळण होतं, तिथं ती पावसाळ्यापासून अडकलेली होती. जीभ दाताखाली धरून ती पुन्हा पुन्हा दरीत जायची आणि पुन्हा वर यायची. एसटीत, ओट्यावर, पुतळाबाई भाकरी थापत असताना चुलीच्या उजेडात. आणि चारच दिवसांपूर्वी शेजाऱ्यांच्या फोनवर तिचा आवाज आला होता, धापा टाकत, "पप्पा, डबडं डोंगरावर पैलं आलं! सनवारी दावते." म्हणजे आज दाखवायला आली होती. आणि ते डबडं, त्या डोंगरावरचं पहिलं येणं, त्या चिमुकल्या कॅसेटीखेरीज जगात कुठंही नव्हतं. तो फोन दीपकनं कानाला लावून ऐकला होता, "व्वा!" म्हणाला होता, आणि मनात म्हणाला होता, थांब, मी तुला याहून मोठं काहीतरी दाखवतो.

"पप्पा, डबडं कुठाय?" दिशानं विचारलं. तिचं बोट बटणावर भराभर चाललं होतं, मोटारींची पानं पुढं सरकत होती, निळी, पांढरी, काळी, चांदीची, आणि फिरून पुन्हा सोनेरी. हिरवी एक होती, पण ती नव्यानं आलेली, कोरी, तिच्यापुढं शर्यतींच्या जागी नुसत्या रेघा. "असंल की. थांब, बगू," दीपक म्हणाला आणि पुढं सरसावला. त्यानं टीव्हीच्या गेमची कॅसेट काढली, तोंडाशी धरून फुंकर मारली, पुन्हा बसवली. बारामतीत काय आणि कळंबला काय, कॅसेटीला फुंकर मारली की सगळं ठीक होतं यावर सगळ्यांचा विश्वास होता. त्यानं तीनदा फुंकर मारली. तिसऱ्या वेळी तर डोळे मिटून मारली. सोनेरी मोटार आपली गिरकी घेतच होती. दिशा त्याच्या तोंडाकडे बघत होती, आणि त्याला वाटलं, रडेल आता. रडली असती तर त्याला काहीतरी करता आलं असतं, जवळ घेता आलं असतं, स्कूटरवरून उसाचा रस प्यायला नेता आलं असतं. ती रडली नाही. तिनं टॉवेल सोडला, केस झटकले आणि म्हणाली, "असू दे. छान आहे ही पण. खूप जिंकलंय." "तुझ्या नावावरच हाय की समदं," दीपक म्हणाला. "हो," ती म्हणाली. "बघितलं मी."

तुझ्या नावावर. हे वाक्य आपल्या तोंडून किती सहज गेलं, याचं दीपकला जेवण रांधताना राहून राहून नवल वाटत राहिलं. अंड्याची भुर्जी परतताना त्याला सणसरचं रान दिसू लागलं. त्याचा बाप ज्ञानदेव सणसरला ऊस करायचा, पण साखर कारखान्याचा सभासद नव्हता. त्याचा ऊस त्याच्या चुलतभावाच्या, आबाजीच्या नावावर जायचा. त्यात लपवाछपवी काही नव्हती, आख्ख्या पट्ट्यात असंच चालायचं. शेअर एकाचा, ऊस चौघांचा. ट्रॅक्टर भरून रानातून बाहेर पडताना ज्ञानदेव मोळ्यांवरून एकदा हात फिरवायचा, आणि मग काट्यावर तो ऊस आबाजीचा व्हायचा. नाव कुणाचं का असेना, ऊस आपला, माणूस आपला. दीपक यातच वाढला. कुणासाठी काही करायचं तर ते त्याच्या नावावर करून टाकायचं आणि आपण बाजूला व्हायचं, याहून मोठी माया असते हे त्याला कधी कुणी सांगितलं नाही आणि त्यालाही कधी तसं वाटलं नाही. म्हणून रात्रपाळीवरून आल्यावर झोप येईनाशी झाली आणि एका सकाळी त्यानं टीव्हीच्या गेमवरचं फडकं काढलं, तेव्हा 'खेळणाऱ्याचं नाव' असं पडद्यावर आल्यावर त्यानं आपलं नाव घातलंच नाही. दिशा होतीच तिथं. सगळे टाकतात तसं टीव्हीतलं डबडं टाकून, मोठी मोटार घेऊन, तिच्याच नावावर तो पुढं पुढं जात राहिला.

पहिल्यांदा त्याच्या मनात इतकंच होतं, की जरा हात बसावा, शनिवारी पोरीबरोबर खेळताना आपण अगदीच दरीत जाऊ नये. मग जूनचा विषय निघाला. दिशा जूनमध्ये पाचवीत जाणार. वस्तीवरची शाळा चौथीपर्यंतच. पुढं एकतर कळंबचं हायस्कूल, आजीजवळ, आईजवळ. नाहीतर बारामतीची मोठी शाळा, बापाजवळ. दीपकला दिवसपाळी द्यायला साहेब तयार होते, तसा त्यांनी शब्द दिला होता. यशोधरा म्हणाली होती, "तिच्या मनानं ठरवू दे. आपण दोघांनीही तिला ओढायचं नाही." दीपकनं मोठ्या मनानं मान डोलावली होती. पोरीनं इथं राहावं, याखेरीज त्याला आता आयुष्यात दुसरं काही नको होतं. ओढायचं नाही म्हटल्यावर त्यानं ओढलं नाही. तो फक्त खेळत राहिला, आणि मधल्या शनिवारी टीव्ही बिघडलाय असं सांगून त्यानं टीव्हीतलं पुसू दिलं नाही. सकाळी खिडकीला चादर लावायची, रात्रभर कड्या बघून तांबारलेल्या डोळ्यांनी पडद्यावरच्या रस्त्याकडे बघायचं, वाकडं वळण, सरळ रस्ता, वाकडं वळण. खाली गल्लीत भाजीवाली ओरडत जायची, शाळेच्या रिक्षा भरून जायच्या, मग दुपारची सामसूम व्हायची. खेळताना त्याला आनंद होत होता म्हणावं तर तसंही नव्हतं. अंगठे दुखायचे. मान धरायची. पण एखादी शर्यत संपून दिशाच्या नावापुढं चषक लागला, की जून थोडा जवळ आल्यासारखा वाटे. हे सगळं जिंकलेलं बघून पोरगी म्हणेल, मी हितंच राहते. आज स्टँडवरून येताना स्कूटरवर ती त्याच्या पाठीमागून ओरडून काहीतरी सांगत होती, की कळंबच्या हायस्कुलातल्या बाईंनी तिला खो-खोसाठी आत्ताच हेरून ठेवलंय, "पप्पा, मी कुनाच्या हाताला घावतच न्हाय!" अर्धं वाऱ्यानं नेलं. उरलेलं त्यानं ऐकलं नाही.

दिशा जेवली. भुर्जी छान झाल्याचं तिनं न विचारता सांगितलं, पाण्याचा तांब्या स्वतः भरून घेतला, ताट उचलून मोरीत ठेवलं. कळंबला पुतळाबाईला ती ताटावरून हाक मारून सतावते, भाजी निवडून निवडून काढून ठेवते, हे दीपकला ठाऊक होतं. तिनं इथंही सतावावं, भुर्जीत मीठ कमी पडलंय म्हणावं. मीठ खरंच कमी पडलं होतं. तो म्हणाला, "आपुन परत करू की गं डबडं. दोघं मिळून. मला आता येतंय चांगलं, डोंगरबिंगर समदा." ती घाईनं म्हणाली, "नको, नको. तुम्ही नका करू, पप्पा." आणि मग आपण जरा जास्तच जोरात बोललो असं वाटून हळू आवाजात, "तुम्ही दमता." ती अंथरुणाच्या कडेला हातातला गेम घेऊन बसली, पण चालू केला नाही. मागच्या झाकणावरून नखानं रेघा ओढत राहिली.

आणि मग तो आडवा झाल्यावर, पंखा गरगरत असताना, दीपकला आबाजीचे कान आठवले. इतकी वर्षं ती गोष्ट तो लोकांना सांगत आला होता, कौतुकानं, बापाच्या मोठेपणाची म्हणून. गावात कसलासा समारंभ होता आणि गावात सर्वांत जास्त ऊस घातला म्हणून आबाजीला फेटा बांधला, नारळ दिला. खाली सतरंजीवर बसून ज्ञानदेव टाळ्या वाजवत होता, आजूबाजूच्या दोघाचौघांपेक्षा जोरात. लहान दीपक मांडीवर होता. आबाजी खाली उतरून त्यांच्यासमोर आला आणि फेटा काढून हातात घेऊन म्हणाला, "ज्ञानदेवा, ह्यो काय माझा न्हाय." बाप म्हणाला, "आरं, तुजं काय न माजं काय! बांध की डोक्याला." इथं गोष्ट संपायची आणि ऐकणारे वाहवा म्हणायचे. पण गोष्ट तिथं संपलेली नव्हती. आबाजीनं फेटा डोक्याला बांधला नाही. त्याचे कान लालबुंद झाले होते आणि तो ज्ञानदेवकडे न बघता दीपकच्या चपलांकडे बघत होता. त्यानंतर त्याचं घरी येणं कमी झालं. पुढच्या हंगामाच्या आधी त्यानं निरोप पाठवला, की तुमचा ऊस तुमच्या नावानं घालायचं बघा, माझ्या नावावर नको. बापाला ते मरेपर्यंत कळलं नाही. शेवटी शेवटी खाटेवर पडून तो विचारायचा, "मी त्येचं काय वाईट केलं व्हतं रं? दिलंच व्हतं न्हवं?" आणि दीपक त्याचे पाय दाबत म्हणायचा, लोक असेच असतात, तात्या. लोक असेच असतात. आज प्रथमच त्याला वाटलं, की दुसऱ्याच्या घामाचा फेटा सगळ्यांदेखत डोक्यावर चढवून घेणाऱ्या माणसाचं काय होत असेल, हे आपण बापलेकांनी कधी विचारलंच नाही. दिशाच्या नावापुढं चषकांची ओळ होती, आणि तिचं तिथं काहीच नव्हतं. आता तीही आबाजीसारखीच जरा जरा लांब होत जाणार. शनिवारी कधी परीक्षा असेल, कधी खो-खो असेल, कधी ऊन. जूनचं तर बोलायलाच नको. हे पक्कं कळल्यावर त्याला वाईट वाटायला हवं होतं, तसं ते वाटलंही, पण त्याहीपेक्षा त्याला इतकं दमल्यासारखं झालं की त्या दमण्यातच त्याचा डोळा लागला.

जाग आली तेव्हा उन्हं कलली होती. टीव्ही चालू होता, आवाज अगदी बारीक केलेला. दिशा गेमची कुठली कुठली पानं उलटत बसली होती. त्याची चाहूल लागताच तिनं ते पान बंद केलं आणि मागं वळून बराच वेळ त्याच्याकडे बघितलं. म्हणाली, "पप्पा, खेळायचं का? दोघं?" हे आपण होऊन विचारणं आलं म्हणून तो ताडकन उठला, तोंडावर पाणी मारून बसला. तिनं सोनेरी मोटार त्याला दिली आणि आपण चांदीची घेतली. पहिले काही फेरे ती त्याच्या पुढं होती, सहज, फार पुढं. काय पळवते पोरगी, असं तो मोठ्यानं म्हणाला. मग शेवटच्या वळणाच्या अलीकडे त्याची नजर पडद्यावरून सुटून तिच्या हातांकडे गेली. तिनं बटणावरचा अंगठा उचलला होता. उचलून ती वाट बघत होती. चांदीची मोटार हळू झाली, सोनेरी तिच्या शेजारून निघून गेली आणि पडद्यावर फटाके फुटले. "तुम्ही जिंकला!" ती म्हणाली आणि टाळ्या वाजवल्या. दीपक हसला. त्याला हसता आलं याचं त्याचं त्यालाच आश्चर्य वाटलं. तोही आजवर तिच्याशी पत्ते खेळताना असंच हरत आला होता. लहान पोराशी खेळताना मोठं माणूस हरतं, तसं. दुसऱ्या शर्यतीत तो पुन्हा जिंकला आणि मग पुरे म्हणाला.

रविवारी दुपारी तो तिला सोडायला स्टँडवर गेला तेव्हा इंदापूरची गाडी भरून निघून गेली होती आणि कळंबची लागायची होती. फलाटाचा सिमेंटचा कट्टा तापलेला, म्हणून दिशा आपल्या पिशवीवरच बसली. दीपकनं तिला गोळ्या घेऊन दिल्या, पाण्याची बाटली भरून आणून दिली, आणखी काय द्यावं ते न सुचून तो तिच्याशेजारी उभा राहिला. त्यानं मनाशी ठरवलं होतं, जूनचं काही विचारायचं नाही. आज तर नाहीच. आज विचारलं तर ती 'बघू' म्हणेल, शाळेतल्या भाषेत, आणि ते 'बघू' आपल्याला घरी घेऊन जावं लागेल. तर तीच पायाच्या अंगठ्यानं धुळीत वेलांट्या काढत म्हणाली, "पप्पा, मी मम्मीला सांगनार हाय. जूनपासनं मी हितंच राहनार. तुमच्याजवळ."

ज्या गोष्टीसाठी दीपक आठवडेच्या आठवडे चादर लावून अंधारात बसला होता ती गोष्ट ही इथं, धुळीत, गोळ्यांच्या कागदांत, अशी सहज येऊन उभी राहिली होती, आणि पोरगी 'हाय' म्हणाली होती. त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. कुणाला दिसू नये म्हणून तो उगाच गाडीची वाट बघत मान लांब करून राहिला. मग, गप्प बसायचं सोडून, त्यानं विचारलं, "आं? असं कसं काय ठरवलंस गं एकाएकी?"

"काल तुमी झोपला तवा मी समदी पानं बगितली," दिशा म्हणाली. "त्या गेममदी एक पान असतंय, किती येळ खेळलं त्येचं. माझ्या नावावर लई येळ हाय, पप्पा. लई म्हंजी लई. एवढं तर मी आक्ख्या वरसात खेळले न्हाय." तिनं मान वर केली. "तुमी रोज सकाळचं एकटंच बसता व्हय?"

"छ्या! ती आपली झोप येत नव्हती म्हणून जरा."

"त्येच," दिशा म्हणाली. "मी आले म्हंजी तुमाला झोप येईल."

ती हे अगदी साधेपणानं म्हणाली, आजारी माणसाजवळ कोण थांबणार हे घरात ठरवताना बायका बोलतात तसं. तिच्या आवाजात रुसवा नव्हता, आणि आनंदही नव्हता. सगळं ठरवून टाकून ती आता गोळीचा कागद सोडवत होती. दीपकला लख्ख कळलं, की ही पोरगी तिच्या मनानं इथं येत नाही. तिला कळंबला राहायचंय, आणि ते ती आपल्यासाठी सोडून देतेय, कुणालाही न सांगता. ती आबाजीसारखी लांब गेली असती तरी बरं झालं असतं. त्याला हेही कळलं की तिला थांबवायला आता फक्त आपणच आहोत. कळंबला पोचून तिनं आईला सांगितलं की मग हे पोरीनं स्वतःच्या मनानं ठरवलेलं होईल आणि यशोधरा दिलेला शब्द पाळील. नको बाळा, तू कळंबलाच राहा, मला काही झालेलं नाही. वाक्य तयार होतं, सरळ होतं, एका दमात म्हणण्याजोगं होतं. कळंबची गाडी वळण घेऊन फलाटाला लागली, माणसं दाराकडे धावली, कंडक्टरनं ओळखीनं हात केला. दीपकनं पिशवी उचलली, पोरीला माणसांच्या गर्दीतून आत चढवलं, खिडकीजवळ जागा धरून दिली, खाली उतरून खिडकीशी येऊन उभा राहिला. गाडीनं गचका दिला. आत्ता म्हणायला हवं होतं. त्यानं तोंड उघडलं.

"दप्तर कुठल्या रंगाचं घ्यायचं गं?" त्यानं विचारलं.

दिशानं खिडकीच्या गजाला कपाळ लावून क्षणभर विचार केला.

"तुमाला आवडंल त्ये," ती म्हणाली.